पेरणीपूर्वी अटी मांडा : शेतीच्या हिशेबात असमानतेचा उपयोग

खरिपाचा हिशेब आपण सर्वजण करतो. कोणी वहीत करतो, कोणी तोंडी करतो. एकरी बियाणे किती, खत किती, दहा एकराला किती, हा गुणाकार बहुतेकांचा चुकत नाही. तरीही दसऱ्याच्या सुमारास अनेक घरी अडचण उभी राहते. कापूस फुटलेला असतो, सोयाबीन कापणीला आलेले असते आणि मजूर मिळत नाही. किंवा मे महिन्यात विहीर तळाला जाते आणि संत्र्याची अर्धी बाग कोरडी राहते. अशा वेळी गुणाकार चुकलेला नसतो, तर एखादी अट हिशेबात धरायची राहून गेलेली असते.

शेतीतल्या बहुतेक अटी "इतके म्हणजे इतकेच" अशा नसतात. त्या "इतक्यापेक्षा कमी नको" किंवा "इतक्याच्या वर नको" अशा असतात. गणितात अशा विधानाला असमानता म्हणतात. ती कागदावर मांडण्यास फारशी विद्या लागत नाही. शाळेतील बेरीज-वजाबाकी व चार चिन्हे पुरेशी होतात. ही मांडणी कशी करावी, कोठे चूक होते आणि तिचा पीक नियोजनात काय फायदा होतो, याची माहिती या लेखात दिली आहे.

चार चिन्हे

१) > म्हणजे "पेक्षा जास्त"
२) < म्हणजे "पेक्षा कमी"
३) ≥ म्हणजे "तेवढे किंवा त्यापेक्षा जास्त"
४) ≤ म्हणजे "तेवढे किंवा त्यापेक्षा कमी"

चिन्हाचे उघडे तोंड नेहमी मोठ्या आकड्याकडे आणि टोक लहान आकड्याकडे असते, एवढे लक्षात ठेवावे. चिन्हाखालील आडवी रेघ "बरोबर तेवढेही चालेल" असे सांगते.

बोलण्यातील शब्द आणि चिन्ह

खरी अडचण चिन्हांची नसून शब्दांची आहे. "कमीत कमी ७५ मि.मी. पाऊस हवा" या वाक्यात "कमी" हा शब्द दोनदा आला आहे. त्यामुळे पुष्कळ जण "पेक्षा कमी" चे चिन्ह मांडतात. अर्थ मात्र उलट आहे. पाऊस ७५ किंवा त्याहून जास्त हवा. त्याचप्रमाणे "जास्तीत जास्त १२ टक्के ओलावा" या वाक्यात "जास्त" ऐकू येते, परंतु अर्थ १२ किंवा त्याहून कमी असा आहे. म्हणून शब्द ऐकून चिन्ह लिहू नये. आपल्या बोलण्यातील नेहमीचे शब्द पुढीलप्रमाणे मांडावेत.

≥ चे शब्द : कमीत कमी, किमान, निदान, "पाच तरी", "पेक्षा कमी नको", "खाली जाता कामा नये".

≤ चे शब्द : जास्तीत जास्त, कमाल, फार तर, "पर्यंत", "पेक्षा जास्त नको", "वर जाता कामा नये".

> चे शब्द : "पेक्षा जास्त", "हून अधिक", "ओलांडल्यास".

< चे शब्द : "पेक्षा कमी", "च्या आत".

शंका आल्यास तीन आकड्यांची कसोटी लावावी. अटीतला आकडा, त्याच्या थोडा खालचा आणि थोडा वरचा असे तीन आकडे घ्यावेत व प्रत्येकाला "चालेल काय?" असे विचारावे. पावसाच्या अटीसाठी ७४, ७५ व ७६ घ्या. ७४ चालत नाही, ७५ चालतो, ७६ चालतो. म्हणजे चिन्ह ≥ आहे. या कसोटीने चिन्ह सहसा चुकत नाही.

मांडणीच्या पायऱ्या

१) कोणता आकडा काढावयाचा आहे ते ठरवावे, त्याला एक अक्षर द्यावे व एकक लिहावे. उदा. क = कापसाखालील क्षेत्र, एकरात.
२) अट आपण जशी बोलतो तशीच एका वाक्यात लिहावी.
३) तीन आकड्यांची कसोटी लावून चिन्ह ठरवावे.
४) असमानता लिहून सोडवावी.
५) उत्तर पूर्ण संख्येत हवे असल्यास अटीच्या बाजूने पूर्ण करावे आणि वावरातील परिस्थितीशी ताडून पाहावे.

एका अटीची उदाहरणे

पेरणीचा पाऊस : सोयाबीन व कोरडवाहू कापसाची पेरणी ७५ ते १०० मि.मी. पाऊस झाल्यावरच करावी, अशी शिफारस केली जाते. पाऊस प मि.मी. मानल्यास ही अट कशी लिहावी? काही जण ७५ ≤ प ≤ १०० असे लिहितील. ते चूक आहे. तसे लिहिले तर ११० मि.मी. पाऊस झाल्यावर पेरणी करूच नये, असा अर्थ होईल. येथे "ते" हा शब्द वरची मर्यादा दाखवीत नाही. ७५ तरी हवा, १०० झाला तर अधिक चांगले, असा त्याचा भाव आहे. म्हणून अट प ≥ ७५ अशी आहे आणि भारी जमिनीत ती प ≥ १०० धरणे अधिक सुरक्षित आहे. जास्त पाऊस झाल्यास फक्त वाफशाची वाट पाहावी.

प हा पाऊस आपल्या शिवाराचा असावा. सोनेगाव विमानतळावरील वेधशाळेत ८० मि.मी. नोंद झाली म्हणून उमरेड किंवा नरखेडच्या वावरात अट पूर्ण झाली असे होत नाही. पहिल्या ३०-४० मि.मी. पावसावर केलेली पेरणी पुढे खंड पडल्यास मोडावी लागते व बियाण्याचा खर्च दुसऱ्यांदा करावा लागतो.

बियाण्याची उगवण : सोयाबीनची उगवण किमान ७० टक्के असावी. उगवण उ मानल्यास उ ≥ ७०. घरचे बियाणे असल्यास १०० दाणे ओल्या गोणपाटात ठेवून किती उगवतात ते मोजावे. ६९ उगवले तर अट पूर्ण झाली नाही. अशा वेळी बियाण्याचे प्रमाण वाढवून तूट भरून काढता येते. एकरी ३० किलो बियाणे ७० टक्के उगवणीला धरले जाते. म्हणजे एकरी निदान २१ किलो जिवंत बियाणे जमिनीत पडले पाहिजे. बियाणे ब किलो असल्यास :

ब × उ ÷ १०० ≥ २१

उगवण ६० टक्के निघाली तर ब × ६० ÷ १०० ≥ २१, म्हणून ब ≥ ३५. एकरी ३५ किलो बियाणे वापरावे लागेल. उगवण फारच कमी असल्यास ते बियाणे वापरू नये.

विहीर आणि संत्र्याची झाडे : काटोल, नरखेड, कळमेश्वर, सावनेर या तालुक्यांतील बागायतदारांसाठी हे उदाहरण महत्त्वाचे आहे. समजा, मे महिन्यात विहिरीतून दिवसाला ४०,००० लिटर पाणी मिळते आणि ठिबकवरील मोठ्या झाडाला त्या दिवसांत रोज १२० लिटर पाणी द्यावयाचे आहे. झाडांची संख्या झ मानू.

१२० × झ ≤ ४०,०००
झ ≤ ३३३.३३

झाडाचा तुकडा लावता येत नाही. येथे ३३४ झाडे अट मोडतात, म्हणून उत्तर खाली उतरवून ३३३ घ्यावे. ६ मीटर × ६ मीटर अंतरावर हेक्टरी २७७ झाडे बसतात. म्हणजे ही विहीर सुमारे १.२ हेक्टर, अर्थात तीन एकर बाग सांभाळू शकते.

आता हाच हिशेब ऑक्टोबरच्या पाण्यावर केला तर? विहीर काठोकाठ आहे, दिवसाला ९०,००० लिटर मिळतात. उत्तर येते झ ≤ ७५०. चिन्ह बरोबर, भागाकार बरोबर, परंतु आकडा चुकीच्या महिन्यातला. बाग मे महिन्यात जगवावयाची असल्याने पाणीही मे महिन्याचेच मोजले पाहिजे. २०१९ च्या उन्हाळ्यात नागपूर व अमरावती जिल्ह्यांच्या संत्रा पट्ट्यात बागा वाळल्या, हे आपण पाहिले आहे. वाळलेल्या बागेत एका वर्षाच्या उत्पन्नाबरोबर झाड वाढविण्याची अनेक वर्षेही जातात. म्हणून ≤ च्या उजव्या बाजूला, म्हणजे जे उपलब्ध आहे त्या बाजूला, नेहमी टंचाईच्या दिवसांचा आकडा लिहावा.

"आणि" व "किंवा" ने जोडलेल्या अटी

कापसातील ओलावा : हमी भावाच्या कापूस खरेदीत ८ टक्के ओलावा मूळ धरला जातो. त्यापेक्षा जास्त असल्यास वाढीव ओलाव्याच्या प्रमाणात भावात कपात होते आणि १२ टक्क्यांपेक्षा जास्त ओलाव्याचा कापूस घेतला जात नाही. ओलावा ओ टक्के मानल्यास :

ओ ≤ ८ : पूर्ण भाव
८ < ओ ≤ १२ : कपात करून खरेदी
ओ > १२ : खरेदी नाही

पावसाच्या उदाहरणात "७५ ते १००" ला वरची मर्यादा नव्हती. येथे "८ ते १२" ला दोन्ही मर्यादा आहेत. शब्द एकच, अर्थ वेगळा. म्हणून प्रत्येक वेळी कसोटी लावावी.

सोयाबीनच्या हमी भाव खरेदीत ओलाव्याची मर्यादा १२ टक्के आहे. २०२४-२५ च्या हंगामात केंद्र शासनाने ती १५ टक्क्यांपर्यंत शिथिल केली होती. म्हणजे चिन्ह तेच राहिले, आकडा बदलला. बाजारात माल नेण्यापूर्वी त्या हंगामाचा आकडा कोणता, याची चौकशी करावी. १३ टक्के ओलाव्याचे सोयाबीन एका हंगामात परत येते व दुसऱ्या हंगामात विकले जाते.

गुलाबी बोंडअळी : कामगंध सापळ्यात प्रति सापळा प्रति रात्र ८ पतंग याप्रमाणे सलग ३ रात्री आढळल्यास किंवा १० टक्के फुलांत अथवा हिरव्या बोंडांत प्रादुर्भाव दिसल्यास आर्थिक नुकसानीची पातळी गाठली असे समजून उपाय योजावेत. येथे तीन रात्रींच्या अटी "आणि" ने जोडल्या आहेत. पहिल्या रात्री ११, दुसऱ्या रात्री ९ आणि तिसऱ्या रात्री ५ पतंग आले तर सापळ्याची अट पूर्ण होत नाही. तीन रात्रींची सरासरी ८ च्या वर आली तरी उपयोग नाही, कारण प्रत्येक रात्री ≥ ८ हवे. मात्र त्याच वावरात तोडून पाहिलेल्या १०० हिरव्या बोंडांपैकी १० बोंडांत अळी आढळली, तर "किंवा" पुढील अट पूर्ण झाली व उपाय करणे आवश्यक ठरते. "आणि" असल्यास सर्व अटी पूर्ण व्हाव्या लागतात, "किंवा" असल्यास एक पुरते.

आश्रय पट्टा : २००२ साली देशात बीटी कापसाला परवानगी देताना एक अट घालण्यात आली होती. वावराभोवती बिगर-बीटी कापसाच्या किमान पाच ओळी किंवा एकूण क्षेत्राच्या २० टक्के, यांपैकी जे जास्त असेल तेवढे लावावे. वाक्यात "किंवा" आहे, परंतु "जे जास्त असेल ते" म्हटल्याबरोबर त्याचा "आणि" होतो. समजण्यासाठी फक्त ओळींचा हिशेब करू. बिगर-बीटी ओळी र व एकूण ओळी ट असल्यास :

र ≥ ५ आणि र ≥ ०.२० × ट

२० ओळींच्या लहान तुकड्यात २० टक्के म्हणजे ४ ओळी होतात, परंतु पहिली अट ५ मागते. म्हणून ५ लावाव्या लागतात. ६० ओळींच्या वावरात २० टक्के म्हणजे १२ ओळी होतात, म्हणून १२ लावाव्या लागतात. बीटीच्या ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅम बिगर-बीटी बियाणे याचसाठी दिले जात असे. पुष्कळ ठिकाणी ते पाकीट बांधावरच राहिले. अळीमध्ये बीटीविरुद्ध प्रतिकारशक्ती वाढण्याच्या कारणांत शास्त्रज्ञ आश्रय पट्टा न लावण्याचाही समावेश करतात. २०१७ च्या हंगामात विदर्भातील कापूस उत्पादकांना गुलाबी बोंडअळीचा मोठा फटका बसला. अट न पाळल्याचा परिणाम त्याच वर्षी दिसतो असे नाही.

दोन पिकांचे नियोजन : एक संपूर्ण उदाहरण

आता सर्व अटी एकत्र घेऊन दहा एकर कोरडवाहू वावराचे नियोजन करू. पुढील आकडे केवळ उदाहरणादाखल घेतले आहेत. प्रत्येकाने आपल्या वहीतील आकडे घालून हिशेब करावा.

कापसाखाली क एकर व सोयाबीनखाली स एकर मानू. संपूर्ण दहा एकर पेरावयाचे आहे, म्हणून क + स = १० आणि स = १० − क. अटी पुढीलप्रमाणे आहेत.

अ) पैसा : पहिला माल विकेपर्यंत कापसाला एकरी रु. २०,००० व सोयाबीनला एकरी रु. १२,००० लागतात. घरचे पैसे व पीक कर्ज मिळून जास्तीत जास्त रु. १,६०,००० आहेत.

२०,०००क + १२,०००(१० − क) ≤ १,६०,०००
८,०००क ≤ ४०,०००
क ≤ ५

ब) दिवाळीचा खर्च : दिवाळीपूर्वी हाती पैसा येण्यासाठी निदान ३ एकर सोयाबीन हवे.

१० − क ≥ ३
− क ≥ − ७
क ≤ ७

येथे एक नियम लक्षात ठेवावा. दोन्ही बाजूंची उणे चिन्हे काढली, म्हणजेच ऋण संख्येने गुणले किंवा भागले, की असमानतेचे चिन्ह उलटते. नियमावर विश्वास बसत नसल्यास वावरात पाहावे. सोयाबीनला तीन एकर तरी राखून ठेवले, म्हणजे कापसाला सातच्या वर उरत नाहीत.

क) मजूर : सीतादहीच्या सुमारास कापसाची पहिली वेचणी व सोयाबीनची कापणी एकाच वेळी येतात. कापसाला एकरी १२ व सोयाबीनला एकरी ६ मजूर-दिवस लागतात. ही कामे १२ दिवसांत उरकणे आवश्यक आहे. घरची ४ माणसे व गावात खात्रीने मिळणारे ३ मजूर, असे ७ × १२ = ८४ मजूर-दिवस उपलब्ध आहेत.

१२क + ६(१० − क) ≤ ८४
६क ≤ २४
क ≤ ४

तिन्ही अटी "आणि" ने जोडलेल्या आहेत. क ≤ ५, क ≤ ७ व क ≤ ४ या तिन्ही एकाच वेळी पूर्ण व्हावयाच्या असतील, तर सर्वांत कडक अट लागू पडते. ती आहे क ≤ ४.

शक्य काय आहे, हे असमानतेने सांगितले. फायद्याचे काय, हे खर्च वजा जाता एकरी उरणाऱ्या रकमेवर ठरते. समजा कापसाचे एकरी रु. १८,००० व सोयाबीनचे एकरी रु. १२,००० उरतात. मग कापूस शक्य तितका घ्यावा, म्हणजे ४ एकर कापूस व ६ एकर सोयाबीन. एकूण रु. ७२,००० + रु. ७२,००० = रु. १,४४,०००.

या उत्तरातून काय शिकावे?

पहिली गोष्ट : या शेतकऱ्याने फक्त पैशाचा हिशेब केला असता, तर ५ एकर कापूस लावला असता. त्यासाठी ९० मजूर-दिवस लागले असते व हाती ८४ आहेत. सहा मजूर-दिवसांचे काम उरले असते. तेवढ्यात परतीचा पाऊस आला, तर फुटलेला कापूस झाडावरच भिजला असता किंवा सोयाबीनच्या शेंगा वावरातच तडकल्या असत्या.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. पैसा कमी पडतो असे वाटून त्याने सावकाराकडून आणखी रु. ४०,००० उचलले असे समजा. आता पैशाची अट ८,०००क ≤ ८०,०००, म्हणजे क ≤ १० झाली. परंतु मजुरांची अट क ≤ ४ येथेच आहे. कर्ज वाढले, व्याज सुरू झाले आणि कापसाचा एक गुंठाही वाढला नाही. जी अट आपल्याला अडवीत नाही ती सैल करण्यावर खर्च करू नये. कर्ज घेण्यापूर्वी आपल्याला नेमके काय अडवीत आहे, हे अशी मांडणी केल्याशिवाय समजत नाही.

तिसरी गोष्ट : अडविणारी अट सैल केली तर काय मिळते, तेही काढता येते. शेजारच्या गावाहून सहा जादा मजूर-दिवसांची सोय झाली, तर ६क ≤ ३०, म्हणजे क ≤ ५ होते. एक एकर सोयाबीनच्या जागी कापूस आल्याने रु. ६,००० जास्त उरतात. म्हणजे प्रत्येक जादा मजूर-दिवस, त्याची नेहमीची मजुरी वगळता, रु. १,००० मोलाचा आहे. त्यांच्या जाण्या-येण्याच्या गाडीभाड्यावर थोडा खर्च केला तरी परवडेल. मात्र सातव्या जादा मजुराचा उपयोग नाही, कारण ५ एकरांवर पैशाची अट अडविते.

दहा एकर पूर्ण पेरण्याची सक्ती नसल्यास क + स ≤ १० असे मांडावे लागते. तेव्हा ३ एकर सोयाबीन व ५.५ एकर कापूस घेऊन दीड एकर पडीक ठेवणेही शक्य होते. त्यात मात्र रु. ९९,००० + रु. ३६,००० = रु. १,३५,००० उरतात. येथे आधीचाच आराखडा सरस आहे.

याच पद्धतीचे मोठे रूप म्हणजे रेषीय कार्यक्रमण. रशियन गणितज्ञ कान्टोरोविच यांनी १९३९ मध्ये कारखान्यातील उत्पादनासाठी आणि अमेरिकेचे डॅन्टझिग यांनी १९४७ मध्ये मोठ्या नियोजनासाठी या पद्धती विकसित केल्या. कृषी अर्थशास्त्रात पीक नियोजनासाठी त्यांचा वापर होतो. अटी पन्नास असल्या तर संगणक लागतो. चार-पाच असल्या तर शाळेत जाणारी आपली मुले हा हिशेब घरी करून देऊ शकतात.

नेहमी होणाऱ्या चुका

१) "कमीत कमी" ऐकून ≤ लिहिणे व "जास्तीत जास्त" ऐकून ≥ लिहिणे.
२) एकके मिसळणे. एका बाजूला एकर व दुसऱ्या बाजूला हेक्टर, किंवा एका बाजूला किलो व दुसऱ्या बाजूला क्विंटल असल्यास उत्तर निरुपयोगी ठरते.
३) पटीची उलटी मांडणी. "कापसाच्या दर आठ ओळींमागे निदान एक ओळ तुरीची" हे ८ × त ≥ क असे लिहावे, त ≥ ८ × क असे नव्हे. कसोटी सोपी आहे. कापसाच्या ८ व तुरीची १ ओळ घालून पाहावे. पहिल्या मांडणीत ८ ≥ ८ हे खरे ठरते, दुसरीत १ ≥ ६४ हे खोटे ठरते.
४) उत्तर चुकीच्या बाजूने पूर्ण करणे. मर्यादा वरची असेल तर खाली उतरवावे, गरज खालची असेल तर वर चढवावे.
५) चांगल्या वर्षाचे पाणी, मजूर व पैसा धरून मांडणी करणे.

सरावासाठी

१) ट्रॉलीत जास्तीत जास्त २५ क्विंटल सोयाबीन बसते. ९० क्विंटल सोयाबीन कळमना बाजारात न्यावयाचे आहे. किमान किती फेऱ्या लागतील?
२) घरी रोज २ लिटर दूध ठेवून डेअरीला निदान १२ लिटर घालावयाचे आहे. रोज किती दूध निघाले पाहिजे?
३) पंपाने एक एकर भिजविण्यास ३ तास लागतात. वीज रोज फार तर ८ तास मिळते. पाच दिवसांत किती पूर्ण एकर भिजतील?
४) कापसाच्या ६० ओळी आहेत. दर आठ ओळींमागे निदान एक या प्रमाणात तुरीच्या किती ओळी हव्यात?

उत्तरे : १) २५फ ≥ ९०, फ ≥ ३.६, म्हणून ४ फेऱ्या. २) द − २ ≥ १२, म्हणून निदान १४ लिटर. ३) ३ए ≤ ४०, ए ≤ १३.३३, म्हणून १३ एकर. ४) ८त ≥ ६०, त ≥ ७.५, म्हणून ८ ओळी.

शेतकरी बंधू-भगिनींनो, पेरणीपूर्वी वहीचे एक पान यासाठी राखून ठेवावे. त्यावर जमीन, पैसा, पाणी, मजूर व घरची गरज अशा पाच ओळी लिहाव्यात आणि प्रत्येक ओळीपुढे तिची असमानता मांडावी. त्यांपैकी सर्वांत कडक कोणती ते शोधून तिच्याभोवती पेन्सिलीने वर्तुळ करावे. त्या वर्षी आपली धावपळ व पैसा कोठे लावावा, हे त्या वर्तुळावरून कळेल. पाऊस आपल्या हाती नाही, भावही आपल्या हाती नाही. परंतु आपल्याजवळ जे आहे त्यात काय बसते आणि काय बसत नाही, हे जून महिन्यातच समजणे आपल्या हाती आहे. तेच ऑक्टोबरमध्ये समजले, तर त्याची किंमत उभ्या पिकातून मोजावी लागते.